सरांचा अंगठा आणि मी

दचकू नका, मीच बोलतोय. कपाटाच्या डोक्यावर, कान तुटलेल्या चषकाच्या मागे जे पितळी नळकांडं आडवं पडलंय ना, तो मी. फुटबॉलमध्ये हवा भरायचा पंप. माझ्या पोटात हवेशिवाय काय असणार, असं तुम्ही म्हणाल. पण एकतीस वर्षांची एक गोष्ट तिथे अडकून बसली आहे, आणि एक चूकही. चूक माझी आहे. ती सांगितल्याशिवाय मला मोकळं वाटायचं नाही.

मला एका म्हाताऱ्या कारागिराने लेथवर घडवलं. पितळेची नळी, लाकडी मूठ आणि आत चामड्याचा वायसर. शेवटी त्याने वायसरवर तेलाचे दोन थेंब सोडले आणि म्हणाला, "हा ओला आहे तोवर तू जिवंत."

मग अकरा महिने मी खेळाच्या सामानाच्या दुकानात काचेआड होतो. माझ्या बोलण्यात जी थोडी दुकानदारी जाणवते ती तिथली. दुकानदार बेरकी, पण मनाचा मोकळा. मालाची स्तुती कधी करायचा नाही. वस्तू गिऱ्हाइकाच्या हातात द्यायचा आणि गप्पा मात्र भलत्याच काढायचा. थंडी कशी आहे, मुलं काय करतात. नोकराला सांगायचा, "वस्तू हातात गरम होऊ दे. एकदा गरम झाली की माणूस ती खाली ठेवत नाही." हे वाक्य पुढे मला फार महागात पडलं.

एके दिवशी एक काटकुळा तरुण आला. विद्यापीठात फुटबॉलचा प्रशिक्षक म्हणून नुकताच लागला होता. खिशातल्या नेमणुकीच्या कागदाची घडीसुद्धा अजून कडक होती. दुकानदाराने त्याच्यापुढे दुसराच पंप ठेवला.

"हा न्या साहेब, काटा लावलेला. आत किती हवा गेली ते बरोबर दाखवतो."

"काटा नको. अंगठा आहे."

"अंगठ्याची गॅरंटी कोण देणार?"

"मी देतो. जन्मभराची."

दुकानदार पोट धरून हसला. "तीस वर्षं धंदा केला, पण घेणाराच गॅरंटी देतोय असं आजच पाहिलं!" त्याने मला काचेतून काढून त्या तरुणाच्या हातात दिलं. तेव्हापासून मी सरांचा.

आमचं बिऱ्हाड म्हणजे मैदानाच्या पायऱ्यांखालची सामानाची खोली. ओल्या मोज्यांचा वास, रेघा मारायच्या पांढऱ्या फक्कीची पोती, जाळीत अठरा चेंडू, आणि भिंतीत दोन खिळे. एकावर मी, दुसऱ्यावर सरांची शिट्टी. मैदान सांभाळणाऱ्या माणसाला सगळे मामा म्हणत. कुणाचा मामा ते कुणालाच ठाऊक नव्हतं.

रोज सकाळी उजाडलं की सर यायचे. माझी सुई ओठांत धरून ओली करायचे, चेंडूत खुपसायचे, पाच-सहा दट्टे मारायचे. मग उजव्या हाताचा अंगठा चेंडूवर टेकवायचे. गंमत म्हणजे दाबताना चेंडूकडे कधीच बघायचे नाहीत. दारातून दिसणाऱ्या झाडांकडे बघायचे आणि निकाल द्यायचे. निकाल तीनच. "कच्चा." "दगड." आणि मन भरलं की, "तयार."

हे झालं की मला क्षणभर गालाला लावायचे. दट्टे मारले की आतली हवा दबते आणि माझं अंग तापतं. थंडीत सरांना ती ऊब आवडायची. आमच्या दोघांत एवढाच काय तो लाड.

नव्या पोरांना पहिले पंधरा दिवस चेंडूला पाय लावायची बंदी. नुसता अंगठा. एकदा एक वात्रट पोरगा म्हणाला, "सर, आम्ही फुटबॉल खेळायला आलोय की फळं घ्यायला?"

"फळ घेताना दाबून बघतोस ना? मग ज्याच्यावर डोकं आपटणार आहेस, तो चेंडू न बघता घेशील होय रे?"

पोरांनी पाठीमागे त्यांचं नाव पाडलं, अंगठेबहाद्दर. विद्यापीठात नोकरी आणि नाव हे! सरांच्या कानावर गेलं तेव्हा ते म्हणाले, "खरंच आहे. सही फक्त हजेरीपुस्तकात करतो, बाकी सगळा कारभार अंगठ्यावर."

एकदा दुसऱ्या विद्यापीठाच्या मैदानावर अंतिम सामना होता. चेंडू त्यांचा, नवा कोरा. सरांनी दाबला आणि पंचांना म्हणाले, "साहेब, हा पूर्वार्धातच फुटेल." पंच म्हणाले, "आपण बाकावर बसा." विसाव्या मिनिटाला चेंडू गोलखांबावर आपटला आणि असा फुटला की प्रेक्षकांतली दोन माणसं खाली वाकली. त्यानंतर ते पंच शिट्टी वाजवण्याआधी चेंडू मुकाट्याने सरांकडे आणून द्यायचे. सामना आम्ही हरलोच, तो भाग वेगळा. एकतीस वर्षांत आठ चषक आले आणि अकरा अंतिम सामने हातचे गेले. सर जिंकलेले आठ कधी सांगायचे नाहीत. हरलेले अकरा मात्र मिनिटामिनिटाने पाठ होते.

दर रविवारी मी सरांबरोबर घरी जायचो. वायसरला तेल द्यायचा तो दिवस. त्यांची बायको बघत राहायची. "अहो, माझ्या डोक्याला कधी एवढं तेल लावलं नाहीत!"

"तुझा वायसर कुठे सुकतोय?"

"बोला, बोला. एक दिवस त्यालाच वाढायला सांगा जेवायला."

असंच एका रविवारी तिने चहाची कपबशी पुढे केली. सरांनी बशी बाजूला ठेवून कप थेट हातात घेतला आणि तसेच बोलत बसले. थोड्या वेळाने तीच ओरडली, "अहो, चहा उकळता आहे! ठेवा खाली!" सरांनी कप ठेवला. अंगठ्यावर फोड आला होता, आणि त्यांना त्याचा पत्ताच नव्हता.

डॉक्टर त्यांचाच जुना खेळाडू निघाला. मी सरांच्या कोटाच्या खिशातच होतो. डॉक्टर म्हणाला, "सर, रोग्याचं पोट दाबताना मी अजून समोरच्या भिंतीकडे बघतो. तुमची सवय." मग त्याने टाचणी काढली.

"डोळे मिटा सर. टोचलं की सांगा."

सर डोळे मिटून बसले. टोचण्याची वाट बघत राहिले.

"अरे, सुरू तर कर."

"सुरू केलंय, सर."

रक्तातल्या साखरेने नसा मारल्या होत्या. गेलेली जाणीव परत येणार नव्हती. घरी आल्यावर बायको म्हणाली, "सांगून टाका पोरांना. काटेवाला पंप आणा. त्यात कसली लाज?"

सर अंगठ्याकडे बघत म्हणाले, "मी कधी कुठे मोठा खेळाडू नव्हतो गं. पुस्तकं वाचून शिकवणारे माझ्याहून हुशार आहेत. माझ्याकडे हे एवढंच होतं. हे गेलं असं सांगितलं, तर उद्या मैदानावर कोण म्हणून उभा राहू?"

त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. अंदाजाने भरायला लागले. दट्टा मारायचे, अंगठा टेकवायचे, काही जाणवायचं नाही. मग कच्चाच असेल असं समजून आणखी दोन मारायचे. अठराच्या अठरा चेंडू दगड! तिसऱ्याच दिवशी गोलरक्षकाची बोटं सुजली.

कॅप्टन आणि मामा सामानाच्या खोलीत कुजबुजले. कॅप्टन म्हणाला, "मामा, सरांच्या अंगठ्याला काहीतरी झालंय."

"मग जाऊन विचार त्यांना."

"तुम्ही विचारा. तुम्ही मोठे."

"मी विचारायचा नाही, आणि तूही नाहीस," मामा म्हणाले. मग दोघांनी एक युक्ती काढली.

चेंडू भरून झाले की सर पोरांना वीस मिनिटं मैदानाभोवती पळवायला नेत. त्या वेळात कॅप्टनच्या बुटाची नाडी तुटायची. नाडी बदलायला म्हणून तो खोलीत यायचा, आणि मामा नि तो मिळून अठरा चेंडू दाबून बघायचे. जो दगड असेल त्याची हवा सोडायची, जो कच्चा असेल त्यात मला लावून भरायची, आणि अंगठ्याने तयार करायचा. पंधरा दिवसांचं ते शिक्षण असं कामी आलं.

चार वर्षं हे चाललं. चार कॅप्टन झाले. दंडावर कॅप्टनची पट्टी बांधायच्या आधी जुना कॅप्टन नव्याला हे गुपित द्यायचा. सर कधी कधी वैतागायचे, "कॅप्टन झालं की नाड्याच कशा तुटतात रे तुमच्या?" पोरं पाय हलवत खाली बघायची.

वाईट याचं वाटतं की त्या चार वर्षांत सर सुखी होते. चेंडू खेळताना बरोबर निघताहेत हे त्यांना दिसत होतं. एका रविवारी मला तेल लावता लावता ते बायकोला म्हणाले, "बघितलंस? कातडी मेली, पण हात शहाणा आहे. हाताला आठवण असते." तिने त्यांच्या हातावर हात ठेवला. तिलाही खरंच वाटलं असावं.

आता माझी चूक ऐका.

कडाक्याची थंडी होती. सर चेंडू भरून पोरांना घेऊन गेले. कॅप्टन आला, नाडीचं नाटक झालं, थंडीने हवा आकसून त्या दिवशी बहुतेक सगळेच चेंडू कच्चे निघाले. कॅप्टनने भराभर दट्टे मारले, मला खिळ्याला अडकवलं आणि धावत सुटला. मामा फक्कीचं पोतं उचलून बाहेर गेले. तेवढ्यात सर परत आले. शिट्टी राहिली होती.

त्यांनी शिट्टी गळ्यात घातली, आणि सवयीने मलाही उचलून गालाला लावलं.

त्यांनी मला ठेवून चांगली पंधरा मिनिटं झाली होती. मी गारठून पडायला हवं होतं, आणि मी तर नुकत्याच उतरवलेल्या किटलीसारखा तापलो होतो. अंगठा मेला होता, गाल नव्हता. मी किती धडपडलो थंड व्हायला! पण पितळ ते, ऐकतंय थोडंच. सर मला गालाला लावून तसेच उभे राहिले. मी हळूहळू निवत गेलो, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचंही काहीतरी निवत गेलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी सतरा चेंडू भरले. अठराव्याची होती नव्हती ती हवा सोडून दिली, इतकी की तो पिशवीसारखा बसला, आणि जाळीच्या तळाशी ठेवला. मग पळायला गेले. नाडी तुटली. कॅप्टन येऊन गेला. वीस मिनिटांनी सर आले, त्यांनी तळाचा चेंडू काढला आणि हातातून सोडला. चेंडू कमरेपर्यंत उसळला.

दारात मामा उभे होते. त्यांच्यामागे कॅप्टन.

"किती दिवस, मामा?"

"चार वर्षं, सर."

"कुणाकुणाला माहीत आहे?"

मामांनी कॅप्टनकडे बघितलं. कॅप्टन म्हणाला, "सगळ्यांना. पण सर, आम्ही कधी हसलो नाही. देवाशपथ."

सरांनी चेंडू उचलला, कॅप्टनच्या हातात दिला. "दाब."

कॅप्टनने अंगठा टेकवला. नजर आपोआप बाहेरच्या झाडांकडे गेली.

"कसा आहे?"

"तयार, सर."

"हं," सर म्हणाले. "उद्यापासून नाडी तुटली तरी पळायचं."

महिनाअखेरीस त्यांनी राजीनामा दिला. निवृत्तीला अजून दोन वर्षं होती. निरोपाच्या दिवशी कुलसचिवांनी आठ चषकांची नावं वाचली, भिंतीवरचं घड्याळ दिलं. अंगठ्याबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. जाताना सरांनी मला माझ्या खिळ्यावर अडकवलं. त्या दिवशी गालाला लावलं नाही.

नंतर ते मैदानाकडे फिरकलेच नाहीत. पोरं त्यांच्या घरी जायची आणि परत येऊन खोलीत सांगायची; सर हसून बोलायचे, अभ्यासाचं विचारायचे, खेळाचं नाही. चार वर्षं ज्यांनी त्यांना जपलं त्यांच्यावर राग नव्हता. पण शहाण्या हातावरचा तो विश्वास गेला आणि माणूस आतून बसत गेला, त्या तळाच्या चेंडूसारखा. त्यात हवा भरायला मी पुरा पडणार नव्हतो. दीड वर्षात ते गेले.

त्या दिवशी मामांनी मला खिशात घालून नेलं. अंगणात माणसंच माणसं. बरेच जण केस पिकलेले. तो डॉक्टर होता, चारही कॅप्टन होते. सरांच्या उशाशी ठेवायला कुणीतरी चेंडू आणला होता. तो हातोहात पुढे सरकायला लागला. ज्याच्या हातात जाई तो अंगठा टेकवी, आणि झाडाकडे, भिंतीकडे, कुठेतरी लांब बघे. डॉक्टरपाशी आल्यावर तो हळूच म्हणाला, "कच्चा आहे."

मामांनी मला काढलं. सुई ओठांत ओली केली. दोन दट्टे मारले. शेवटचा कॅप्टन म्हणाला, "झाला."

"थांबा," सरांची बायको म्हणाली. ती उठून आली. तिने चेंडूवर अंगठा टेकवला. तीही चेंडूकडे बघत नव्हती. इतकी वर्षं रविवारी समोर बसून ती काय काय शिकली होती, ते कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं.

"अजून अर्धा," ती म्हणाली.

मामांनी अर्धा दट्टा मारला. तिने पुन्हा दाबला. "आता तयार."

मग तिने मला मामांच्या हातून घेतलं आणि गालाला लावलं. अडीच दट्ट्यांनी पितळ कितीसं तापणार? मी जवळजवळ गारच होतो.

आता विजेवर चालणारं यंत्र आलं आहे. त्यावर आकडा दिसतो, पोरं चेंडू लावतात आणि आकड्याकडे बघत राहतात. मामाही आता नाहीत. माझा वायसर सुकून कडक झालाय. दट्टा ओढला तर आत नुसतं खरखरतं. पण इथून वरून मला दिसतं. यंत्र थांबलं की एखादा पोरगा आकडा वाचून झाल्यावरही चेंडूवर अंगठा टेकवतो आणि दाराबाहेर बघतो. कुणी शिकवलं ते त्याला ठाऊक नाही. वरच्या वर्गातल्यांचं बघून उचललं, एवढंच.

माझी एक विनंती आहे. भंगारात द्यायच्या आधी कुणीतरी मला खाली काढा आणि वायसरला दोन थेंब तेल द्या. हवा भरायला नको. दट्टा मारू नका, मला नुसतं एकदा गालाला लावा. मी तुम्हाला अगदी थंड लागेन. त्या सकाळी हे एवढंच मला जमायला हवं होतं.