अर्थ तपासून सांगतो

मित्रांनो, मी एक जुना, जाडजूड हिब्रू शब्दकोश आहे. वाचनालयात अगदी खालच्या फळीवर असतो, कारण वरची फळी माझ्या वजनानं वाकली. छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्या बापलेकींनी माझा शब्द न् शब्द पुन्हा पुन्हा वाचून पाहिला होता. पूर्वी अभ्यासक म्हणत, "याला विचारा, हा सांगेल तेच खरं." मीही भाव खायचो! मग प्रत्येकाच्या हातात फोन आला आणि मला कुत्रंही विचारेना. झुरळांनी तेवढी साथ सोडली नाही.

मागच्या हिवाळ्यात एक तरुण सुतार आला. कपड्यांवर भुसा, डोळे तारवटलेले. त्याचं बाळ फार लवकर जन्मलं होतं आणि इस्पितळात काचेच्या पेटीत होतं. बायकोनं नाव ठरवलं होतं, हाबेल. 'हिब्रू नाव, अर्थ श्वास,' असं तिनं फोनवर वाचलं होतं. श्वासासाठी झगडणाऱ्या लेकराला याहून चांगलं नाव कुठलं?

"पण फोनवर काय, कुणीही काहीही लिहितं," तो ग्रंथपाल बाईंना म्हणाला. "पेटीवर नाव लावायचंय. एकदा खात्री करून द्या." मोजल्याशिवाय लाकडाला करवत लावायची नाही, ही त्याची सवयच होती.

बाईंनी मला उघडलं. "श्वास. बरोबर आहे." मग त्यांचा आवाज खाली गेला. "वाफ. क्षणात विरून जाणारं."

त्याचा चेहरा पांढराफटक पडला. मला फार वाईट वाटलं, पण माझ्यात जे छापलंय ते मी कसं पुसणार?

"असलं नाव कसं ठेवू हो? दुसरं पुस्तक बघता का?"

"मागवते," बाई म्हणाल्या.

त्यानं तिथूनच बायकोला फोन केला. "अगं, अजून बघताहेत. नक्की झालं की सांगतो. तोवर त्या नावानं हाक नको मारूस."

दुसरा कोश आला. त्यातही तेच. त्यानं तिसरा मागवायला लावला. बायकोला मात्र "बघतोय गं" एवढंच सांगायचा. पेटीवर नुसतं 'बाळ' लिहिलेलं होतं.

मग तो यायचाच थांबला. बऱ्याच दिवसांनी पुन्हा आला तेव्हा बायको सोबत होती आणि तिचे हात रिकामे होते. तिनं मला मांडीवर घेतलं आणि स्वतः वाचलं.

"क्षणात विरून जाणारं," ती म्हणाली. "मग? तसाच तर होता तो. हे कळलं असतं तरी मी हेच नाव ठेवलं असतं."

तिनं मला मिटलं आणि त्याच्याकडे पाहिलं.

"एकदासुद्धा हाक मारली नाही रे मी त्याला. तू थांब म्हणालास, म्हणून थांबले."

सुतार तिथंच फरशीवर बसला आणि ढसाढसा रडला. बाईंनी हळूच दार लोटून घेतलं.

मित्रांनो, मला जपा, माझी धूळ झटका, असं खरं तर मी सांगायला हवं. पण आज माझं एवढंच मागणं आहे. माहिती जरूर तपासा, अगदी कसून तपासा. मात्र जिच्यासाठी किंवा ज्याच्यासाठी तपासता, त्या जिवाला आधी जवळ घेऊन हाक मारा. माझं काय, मी थांबतो.