खिडकीच्या पडद्याचं कौतुक

मी कॅमेरा बोलतोय, आणि माझ्या मालकाबद्दल मला काडीचाही आदर नाही.

कारखान्यातून खोक्यात बसून निघालो तेव्हा वाटलं होतं, जग बघू. नशिबी आला हा. सिनेमा छोटा, माणसं चार, म्हणून शूटिंगही हाच करतो आणि एडिटिंगही. शूटिंगच्या वेळी म्हणतो, "एडिटला बघून घेऊ." एडिटला बसला की टेबलावर हात आपटतो, "कुठल्या गाढवाने शूट केलंय हे?" मी शेजारच्या फळीवरून बघत असतो. खोलीत दुसरं गाढव नसतं.

त्या सिनेमाची दिग्दर्शिका त्याची मावसबहीण. तिने आपल्या आत्यालाच कॅमेऱ्यासमोर उभं केलं. आत्या निवृत्त मुख्याध्यापिका; अभिनय कधी केलेला नाही. प्रसंग साधा होता. नवरा गेलाय, बायको त्याचे शर्ट आवरते. आत्यांचे यजमान आदल्याच वर्षी गेले होते, त्यांचेच शर्ट त्यांनी घरून आणले होते. एक हातात घेतला आणि संवाद राहिला बाजूला. "अहो, कॉलर अशी घासू नका म्हणून किती वेळा सांगितलं..." आणि त्यांना रडू फुटलं. सगळ्यांच्या नजरा त्यांच्यावर.

आणि हा? याला खिडकीच्या पडद्यावरचं ऊन आवडलं. याने माझी मान तिकडे वळवली. आत्या रडत होत्या आणि मी पडद्याची झालर बघत होतो.

एडिटला बसल्यावर त्याला कळलं, आत्यांचा चेहरा कुठेच नाही. मला गळ्यात अडकवून गेला आत्यांकडे लाडीगोडी लावायला.

"आत्या, तेवढं एकदा परत कराल?"

"रडणं म्हणजे काय नळ आहे? सोडला की आलं?"

बहिणीला खरं सांगायची हिंमत कुठली! त्याने पडदा तसाच ठेवला आणि त्यावर आत्यांचा आवाज.

पहिल्या खेळाला मला मिरवायला नेलं. दिवे लागल्यावर एक समीक्षक उठला. "चेहरा न दाखवण्याचं काय हे धाडस! कॅमेरा आणि संकलन एकाच हातात असल्याशिवाय हे जमत नाही."

खरंच आहे. एकाने घाण केली, दुसऱ्याने झाकली.

"हो, बराच विचार केला होता," हा लाजत म्हणाला. लाजत!

टाळ्या थांबल्यावर आत्यांनी विचारलं, "माझं तोंड कुठे गेलं रे?" लोक हसले. हाही हसला. आत्या हसल्या नाहीत. "ते शर्ट मी नंतर देऊन टाकले. म्हटलं, तुझ्या कॅमेऱ्यात आहे सगळं," एवढं बोलून त्या उठून गेल्या.

आता याला नवा कॅमेरा हवाय, म्हणून मला विकायला काढलंय. काल एक बाई बघायला आली. "कशासाठी हवाय?" याने विचारलं. "लग्नं शूट करते," ती म्हणाली. याने नाक मुरडलं.

बाई, घेच मला. मुलगी निघाली आणि तिची आई रडली, तर तू माझं तोंड तिच्याकडेच करशील. नाही केलंस तर घरचे लोक तुला उभी-आडवी सोलतील. कुणी टाळ्या वाजवणार नाही. मला असंच घर हवंय.