हिरव्या टोपीखालची विहीर

फादर एमिलनं चित्रांच्या गठ्ठ्याची फीत सोडायला घेतली आणि मोन्सिन्योर ओरेस्ते दा रिन यांची नजर त्या फितीवरून हटेना.

सरहद्दीवरच्या स्टेशनातली तपासणीची खोली, जुलैची दुपार, खिडक्या बंद. देशाबाहेर हाकललेल्या माणसाची जितकी शोभा करता येईल तितकी कॅप्टन व्लाइकूची करून झाली होती. शर्ट, पायमोजे, दाढीचा ब्रश, सगळं टेबलावर मांडून ठेवलं होतं. वकिलातीची मोहोर असलेल्या थैलीला मात्र त्यानं हात लावला नव्हता.

"ती तुमची सरकारी, आपण नाही उघडत," तो म्हणाला होता. "पण चित्रं म्हणजे चित्रं. ती बघायला काय हरकत आहे?"

चित्रं थैलीत मावली नव्हती. एवढ्याशा कारणानं माणसाचा जीव जाऊ शकतो, हे दा रिन यांना आत्ता कळत होतं. आणि जीव त्यांचा जाणार नव्हता.

बुखारेस्टमधल्या पोपच्या वकिलातीचे ते सचिव. पण रोममध्ये त्यांचं नाव झालं होतं ते कुंचल्यामुळे. नवा बिशप नेमला गेला की त्याला मानचिन्ह लागतं. ढालीवर गावाची नाहीतर घराची खूण, वर रुंद हिरवी टोपी, आणि टोपीच्या दोन्ही बाजूंना लोंबणारे सहा-सहा हिरवे गोंडे. ब्राझीलपासून सिलोनपर्यंतचे बिशप दा रिन यांना पत्र पाठवून ते काढून घेत. फुकटात, अर्थात. चर्चमध्ये स्तुती भरपूर मिळते.

त्या गठ्ठ्यात, ब्राझीलवाल्यांच्या खाली, आंतोन डामोकचं चित्र होतं.

डामोक हा मोल्दोवाकडचा खेड्यातला पाद्री. वसंतात तो बटाट्यांची गाडी घेऊन वकिलातीच्या मागच्या दारी आला होता. कम्युनिस्ट सरकार एकेका बिशपला तुरुंगात टाकत होतं, म्हणून रोमनं कळवलं होतं की काहींना गुपचूप बिशप करा, सगळे आत गेले तरी कोणीतरी बाहेर राहिला पाहिजे. भिंतींना कान होते. त्यामुळे धुणीघरात नळ सोडून ठेवून वकिलातीच्या प्रमुखांनी त्याच्या डोक्यावर तेल लावून, हात ठेवून त्याला बिशप केलं. सरकारच्या लेखी तो आजही साधा गावचा पाद्रीच होता. कळलं असतं तर मिठाच्या खाणीत गेला असता आणि तिथून परत आला नसता.

विधी झाल्यावर डोक्यावरचं तेल रुमालानं पुसत तो कुजबुजला होता, "मोन्सिन्योर, सगळ्या जगाला टोप्या काढून देता. मलाच नाही का?"

"तुम्हाला? लावणार कुठं?"

"लावतोय कशाला! एकदा डोळे भरून बघतो. मग घाला चुलीत."

दा रिन यांनी दुपारपर्यंत काढून दिलं होतं. डामोकच्या अंगणातली विहीर, लांब लाकडी दांडा खाली ओढून पाणी काढतात तसली. डामोकनं ते हातात घेतलं, बघत राहिला. "दांडा आमचा जरा वाकडा आहे हो," एवढंच म्हणाला. दा रिन यांनी दांडा वाकडा केला. गाडी निघून गेली. मग ते चुलीपाशी गेले, झाकण उचललं, आणि त्यांच्यानं जाळवेना. आयुष्यात त्यांनी याहून चांगलं काही काढलं नव्हतं. देवानं या माणसाला मुत्सद्द्याचं डोकं दिलं होतं, पण त्या दिवशी त्या डोक्याचं हातानं ऐकलं नाही.

"हे ब्राझीलचे, रेसिफेचे," फादर एमिल म्हणाला आणि कागद बाजूला ठेवला. त्याच्यापुढे जगातल्या सगळ्या बिशपांची नावं छापलेलं रोमचं लाल पुस्तक होतं. एमिल सरकारला जाऊन मिळालेला पाद्री. त्याआधी दोन वर्षं दर रविवारी वकिलातीत जेवायला असायचा आणि सूप दुसऱ्यांदा मागून घ्यायचा.

"काय हो हे, सिंह, घुबड, मासे," कॅप्टन म्हणाला. "चर्च आहे की सर्कस?"

एमिल नको इतकं हसला. पुढचा कागद. मग त्याच्या पुढचा. दा रिन उरलेले कागद मनातल्या मनात मोजत होते.

आणि विहीर वर आली.

एमिलनं गोंडे मोजले, पुस्तक उघडलं, पानं उलटली, मिटलं. "हे कुणाचं, मोन्सिन्योर?"

कॅप्टन खुर्चीतून उठला. कागद त्यानं उजेडात धरला. चेहऱ्यावरचं हसू हळूहळू गेलं. "ही विहीर आमच्याकडची आहे. सिरेत नदीच्या काठी दारोदार असते. माझी आई अजून असलीच ओढते." तो दा रिन यांच्यासमोर येऊन टेबलाच्या कडेवर बसला. "सहा गोंडे म्हणजे बिशप ना, फादर? मग आमच्या भागात असा कोणता बिशप आहे, जो मला माहीत नाही?"

दा रिन यांनी उत्तरं चाचपून पाहिली. ब्राझीलचा म्हणावं, तर ब्राझीलमध्ये सिरेतची विहीर कुठून येणार? मेलेल्याचा म्हणावं, तर पुस्तकं मेलेल्यांचीही असतात. कॅप्टन वाट बघत होता. त्याला घाई नव्हती. एका गावातून दुसऱ्या गावात जात विहिरी बघत फिरायला त्याच्याकडे माणसं होती, आणि वाकडा दांडा सापडायला कितीसा वेळ लागला असता?

"माझं," दा रिन म्हणाले.

"काय?"

"माझं आहे ते. मी बिशप नाही, पण... होईन असं वाटतं. म्हणून काढून ठेवलं. तुमच्या देशात चार वर्षं राहिलो, विहीर आवडली."

मग एमिल फिस्सकन हसला, आणि मग पोट धरून. चर्चमध्ये खून केलेला चालेल, पण डोक्यावर येण्याआधीच टोपीचं चित्र काढून ठेवलं हे कळता कामा नये. दा रिन यांचे कान तापले. ते खरोखर लाजत होते, आणि तेच कामाला आलं.

"खोटं बोलतोय हा," कॅप्टन म्हणाला.

"नाही हो, कॉम्रेड कॅप्टन," एमिल डोळे पुसत म्हणाला. "तुम्हाला ही जात ठाऊक नाही. सेमिनरीत पाद्रीपण शिकताना प्रत्येकानं वहीच्या मागच्या पानावर स्वतःची टोपी काढलेली असते. मीसुद्धा काढली होती. माझ्यात कबुतर होतं."

कॅप्टननं दोघांकडे आळीपाळीनं पाहिलं. मग कागद टेबलावर आपटला. "लिहा खाली. हे मानचिन्ह माझं आहे. सही करा. हा कागद इथं राहील."

दा रिन यांनी लिहिलं. सही नीट आली, याचं त्यांनाच नवल वाटलं. सुटलो असं वाटलं, आणि तेवढ्यात त्यांना आठवलं की गठ्ठा अजून संपलेला नाही.

एमिलनं ते खरंच सांगितलं होतं, प्रत्येकजण काढतो. दा रिन यांचंही होतं. गठ्ठ्याच्या तळाशी, निळ्या लाटांवर ओंडक्यांचा तराफा, वर एक चांदणी. त्यांचे वडील पिआवे नदीवर तराफे हाकायचे. आणि एमिलला हे माहीत होतं. एका रविवारी सूप पिताना दा रिन यांनीच ती गंमत रंगवून सांगितली होती, वडील पाण्यात कसे पडले, टोपी तेवढी व्हेनिसला कशी पोचली.

तराफा वर आला. एमिलचा हात थांबला.

"हे?" कॅप्टननं विचारलं.

"कांगोतले एक नवे बिशप," दा रिन म्हणाले. "गेल्याच महिन्यात नेमणूक झाली. पुस्तकात नसतील."

एमिल तराफ्याकडे बघत राहिला. मग त्यानं मान वर केली. त्याला सगळं कळलंय, हे दा रिन यांना दिसलं. तराफा यांचा, तर विहीर यांची नाही. विहीर यांची नाही, तर इथलाच कोणीतरी गुपचूप बिशप झालेला आहे. एमिलनं आता फक्त तोंड उघडायचा अवकाश होता. त्याला बढती मिळाली असती, घर मिळालं असतं, कोळसा मिळाला असता. दा रिन मनातल्या मनात प्रार्थना करू लागले, पण शब्द आठवेनात.

"हो, कांगो," एमिल म्हणाला. "तिथं नदी मोठी आहे म्हणतात." त्यानं कागद उलटा करून ठेवला आणि रुमाल काढून मान पुसली.

गाडी सुटली. दा रिन यांची भीती मात्र सुटली नाही. एमिल गप्प राहिला, पण किती दिवस राहील? रोमला पोचण्याआधीच "टोपीवाला मोन्सिन्योर" ही गोष्ट तिथं पोचली होती, बुखारेस्टच्या वर्तमानपत्रानं चित्रासकट छापली होती. जेवणाच्या टेबलावर लोक त्यांच्याकडे बघून डोक्यावरची नसलेली टोपी सरळ करून दाखवत. ते हसून घेत. आपलं बोलणं खोटं ठरू नये म्हणून कांगोतल्या एका नव्या बिशपला त्यांनी खरोखरच तराफ्याचं चित्र पाठवून दिलं. त्याचं आभाराचं पत्र आलं, खाली चांदणी फार आवडल्याचं लिहिलं होतं.

पाच वर्षांनी दा रिन यांना आर्चबिशप करून दुसऱ्या देशात पोपचा राजदूत म्हणून नेमलं. आता मानचिन्ह खरंच लागणार होतं. डामोक अजून गावात होता, अजून बाहेर होता, रात्रीअपरात्री घराघरात जाऊन पाद्री घडवत होता, एवढंच कुठूनकुठून कळत असे. आणि कॅप्टनच्या कपाटात सही केलेला कागद होता. आज तराफा काढला, तर उद्या तो विचारील, मग विहीर कुणाची होती?

दा रिन यांनी विहीर काढली. वाकडा दांडा तसाच. फक्त आर्चबिशपला असतात तसे गोंडे दहा-दहा केले. रोममधल्या जाणकारांनी नाकं मुरडली, वाकडा दांडा बघून हात घसरला म्हणाले.

समारंभाला वडील आले होते. ऐंशीचे, कानानं कमी, उसन्या कोटात. छापील निमंत्रण त्यांनी डोळ्यांजवळ नेऊन पाहिलं, मग लांब धरून पाहिलं.

"ओरेस्ते, ही कुणाची रे विहीर?"

"माझीच, बाबा."

"आपल्याकडे कधी होती विहीर? दारात नदी होती." त्यांनी चित्रावर बोट ठेवलं. "मी सगळ्यांना सांगून आलोय, आमचा तराफा असणार म्हणून. तू लहानपणी काढायचास ना, कोळशानं, भिंतीवर?"

दा रिन यांना सांगावंसं वाटलं. जिभेवर आलंही. पण वडील संध्याकाळी गावच्या गुत्त्यात सगळं सांगतात, आणि सांगितलेलं कुठं पोचतं याचा नेम नाही.

"पाणी ते पाणीच ना, बाबा," ते म्हणाले.

म्हाताऱ्यानं मान हलवली. निमंत्रणाची घडी घातली, चित्र आतल्या बाजूला राहील अशी, आणि कोटाच्या खिशात ठेवली.

"लाज वाटली होय आमची," तो म्हणाला. "असू दे. मोठा माणूस झालास."