बेंदराची पोळी

बेंदराच्या दिवशी माझे थोरले दीर जैनुद्दीनभाई मुंबईहून आले. पलूसपासून चालत आलेले, घामाघूम. मी पाट्यावर पुरण वाटत होते. ते बघून ते दारातच थबकले.

"सुरय्या, हे काय चाललंय?"

"बेंदूर हाय, भाईसाब."

"तो त्यांचा. आपल्यात बैल पुजत न्हाईत. आज पोळी केलीस तर सांजच्या एस्टीनं माघारी जाईन. पुन्हा या घरात पाऊल टाकणार न्हाई."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. गेल्या दुष्काळात भाईसाब मुंबईच्या गिरणीत होते. माझा नवरा, याकूब, चार महिने छावणीत बैलांशेजारी झोपला, म्हणून आज दावणीला बैल दिसतायत. आणि पुजतंय कोण? वर्षभर राबला त्याच्या तोंडात एक दिवस गोड घालायचं, एवढंच. शेजारची शालूबाईही त्यातलीच. "मुसलमान असून पोळी किती मऊ करतीस गं!" म्हणते. असून! वीस वर्षं हे ऐकून माझे कान किटलेत.

बैलाच्या शिंगांना हिंगूळ लावता लावता याकूब पुटपुटला, "ऱ्हाऊ दे की यंदा."

त्याचा तर मला जास्तच राग आला. मी वरवंटा सोडला नाही.

दुपारी बैलांना पोळ्या चारल्या आणि भावाभावांची ताटं केली. भाईसाबांनी पोळी नको म्हणून हात आडवा धरला. मीही मनवायला गेले नाही. शिळी भाकरी न् चटणी वाढली. त्यांनी एक घास कसाबसा गिळला, चुलीकडे बघितलं आणि सवयीनं म्हणाले, "वाईच आमटी वाढ की."

कटाची आमटी! पुरणाचीच डाळ शिजवून निथळलेल्या पाण्याची!

मी भगुलं त्यांच्यापुढं आदळलं. आजवर या माणसापुढं मी मान वर केली नव्हती. आज केली. "डाळ एकच हाय, भाईसाब. तिचं पाणी आपलं आन् पुरण त्यांचं?"

ते भगुल्यात बघत हळूच म्हणाले, "अम्मी अशीच करायची. दर बेंदराला."

खरं तर मी तिथं निवायला हवं होतं. पण माझा राग आणखीच चढला.

"मग सांगा की," मी म्हणाले, "अम्मी कुणाच्यातली व्हती?"