एका शब्दापुरती

मेहुणी काचेपलीकडच्या खोलीत माइकसमोर येऊन बसली, तेव्हा आवाजवाल्याने मान वर करून पाहिलंसुद्धा नाही.

"भाऊजी, निर्मात्यांनी बोलावलं म्हणून आले. ताईच्या तोंडी माझा आवाज घालायची मला हौस नाही."

"मग घरी जा."

"जाईन. आधी तुमचं जमतंय का ते बघा."

जमत नव्हतं, तेच तर दुखणं होतं. चित्रपटाच्या शेवटच्या प्रसंगात त्याची बायको आईच्या भूमिकेत होती. खिडकीशी उभी राहून ती मुलाला निरोप देत होती, आणि तिच्या वाक्यांखाली शूटिंगचा जनरेटर घरघरत होता. एरवी नंतर डबिंग करून घेतलं असतं. पण डबिंगची तारीख लागायच्या आतच ती गेली. निर्मात्याने सकाळीच बजावलं होतं, "दुपारपर्यंत वाक्यं ऐकण्यासारखी झाली तर तिचा आवाज ठेवू. नाहीतर बहिणीकडून सगळं बोलून घ्यायचं. चित्रपट आज द्यायचाच आहे."

आवाजवाला हे नाव त्याला नाटकात पडलं. विंगेत बसून तो पत्रा हलवायचा, वीज पाडायचा. ती समोर काम करायची. "माझा श्वास अडला की ह्यांची वीज पडते," असं ती लग्नाची गोष्ट म्हणून सगळ्यांना सांगायची. पुढे टीव्हीवर, कुणी डोळे वटारले की तीनतीनदा 'धडाम' वाजवून त्याने घर चालवलं. मग सिनेमात त्याचं नाव झालं. तिचा मात्र हा पहिलाच चित्रपट होता.

जनरेटर गाळला की तिचा आवाज डब्यातून आल्यासारखा येई. गाळणं कमी केलं की घरघर परत हजर. निर्माता दारात येऊन मनगटावरचं घड्याळ दाखवून गेला.

मग त्याला नाटकातली ती फळी आठवली. रंगमंचाची एक फळी ऐन रडायच्या प्रसंगात करकरायची आणि लोक फिदीफिदी हसायचे. त्याने पहिल्या प्रवेशापासूनच घरभर करकर वाजवली. घर जुनं आहे, करकरणारच, असं लोकांनी धरून घेतलं. हसणं बंद झालं.

त्याने जनरेटर काढायचा नाद सोडला. उलट तोच आवाज उचलून घराशेजारी कारखाना उभा केला. मुलगा फाटकातून शिरतो तिथपासून घरघर, लांबून. खिडकी उघडली की जवळ. प्रसंग पुन्हा लावला तेव्हा निर्माताही मागे येऊन उभा राहिला. बायको नीट ऐकू येत होती.

"दार उघडंच ठेवते. उशीर झाला तरी..."

पुढचा 'ये' नव्हता. तिथे जनरेटरने गचका खाल्ला होता आणि शब्द त्यात बुडाला होता. दुसऱ्या टेकमधून उचलावा, तर प्रत्येक वेळी ती वाक्य वेगळंच बोलली होती.

"ओठ हलतायत आणि आवाज नाही," निर्माता म्हणाला. "हे चालायचं नाही. घ्या सगळं बहिणीकडून."

"सगळं नाही," काचेपलीकडून मेहुणी म्हणाली. हेडफोन लावून ती ऐकतच होती. "भाऊजी, तेवढा एकच शब्द द्या मला."

आवाजवाल्याने ते वाक्य मागे नेऊन लावलं. मग त्याने माइक चालू केला.

"ती 'ये' ओढायची नाही."

"मला सांगताय? तिच्याच हाका ऐकत वाढले मी."

पहिल्यांदा फारच गोड आला. दुसऱ्यांदा तिचा आवाज मध्येच फाटला. तिसरा त्याने वाक्यात बसवला, निर्मात्याला ऐकवला. निर्माता म्हणाला, "झालं तर मग," आणि फोन करायला बाहेर गेला.

मेहुणी आत येऊन त्याच्या खुर्चीमागे उभी राहिली. त्याने ते वाक्य पुन्हा लावलं. सांधा कुठे आहे ते त्याला स्वच्छ ऐकू येत होतं.

"पुन्हा करू का?" तिने विचारलं.

"नको."

"ताईने काय म्हटलं असतं?"

"नावं ठेवली असती."

"मला?"

"तुला कशाला? मला. म्हणाली असती, एवढा कारखाना माझ्या उशाशी आणून ठेवलात, आता मी ओरडून बोलू की काय?"

मेहुणीला हसू आलं, आणि हसता हसता ती रडायला लागली. आवाजवाल्याने तिला बसायला खुर्ची दिली. मग तो चित्रपट निर्मात्याच्या हवाली करायला उठला.