सक्तीची पाच मिनिटं

मार्तेसचा आवाज सगळ्या गावाच्या ओळखीचा होता. चर्चच्या मागच्या हॉलमध्ये दर बुधवारी तोंबला, म्हणजे आकडे जुळवायचा खेळ, चालायचा आणि पिशवीतून आकडा काढून पुकारायचं काम गेली अकरा वर्षं तिच्याकडे होतं. बक्षीस काय, तर कपबशांचा एखादा सेट, नाताळ जवळ आला असेल तर हॅम. पण बायका अशा इरेला पेटून खेळायच्या की पाद्रीबाबासुद्धा त्या वेळी हॉलमध्ये पाऊल टाकायला धजत नसत.

खेळाआधी हजेरी व्हायची. ही त्या हॉलची जुनी रीत. आमच्या माल्टात आडनावं थोडी आणि माणसं फार, त्यामुळे घराण्याला पडलेलं टोपणनाव हेच खरं नाव. मार्तेस एकेक घराणं पुकारायची आणि ज्याचं त्यानं "इथंच!" म्हणून ओ द्यायची. "ताल-हर्रुब!" म्हटलं की चेट्टा आणि जूझा, दोघी बहिणी, एका दमात ओरडायच्या. त्यांच्या आजोबांच्या अंगणात हर्रुबाचं, गोड शेंगांचं, झाड होतं, तेव्हापासून ते नाव चिकटलेलं. झाड कधीच पडलं, पण चेट्टा अजून बाजारातून हर्रुबाच्या शेंगा आणून त्यांचा पाक करायची आणि मार्तेसचा घसा बसला की बाटली घेऊन दारात हजर. बाप्तिस्म्याच्या दिवशी मार्तेसला हातात धरणारी बाई हीच. म्हणून मार्तेस तिला पार्रिना, धर्ममाता, म्हणायची, आणि सख्ख्या आईला घाबरायची नाही इतकी तिला घाबरायची.

दोन वर्षांपूर्वी स्लीमा शहरातल्या एका कंपनीनं हा आवाज हेरला. त्यांचा तोंबला इंटरनेटवर, पैसे लावून चालायचा, परवाना वगैरे सगळं रीतसर. त्यांना आकडे पुकारायला, गप्पा मारायला एक थेट प्रक्षेपणाचा चॅनल हवा होता. कंपनीकडून रेदेंत नावाचा माणूस आला. नियम पाळले जातात की नाही हे बघणं, एवढंच त्याचं काम. इस्त्रीचा शर्ट, बगलेत फाइल, आणि देवळात आल्यासारखा हळू आवाज.

मार्तेसनं आधी त्यालाच फैलावर घेतलं. "हे बघ रेदेंत, माझ्यासमोर म्हाताऱ्या बायका असतात. कुणाचं घर बुडालं तर मी तोंड कुठं लपवू?"

"म्हणूनच तर तुमच्याकडे आलो, बाई," तो म्हणाला.

तीन महिने दोघांनी मिळून तो चॅनल उभा केला. मार्तेसच्या आईच्या शिवणाच्या खोलीत कॅमेरा आणि दिवे लागले. अठरा वर्षांखालच्याला आत येता येणार नाही. चॅनल कंपनीच्या पैशावर चालतो हे पडद्यावर कायम लिहिलेलं. जिंकल्यावर आरडाओरडा नाही, हरलेलं लपवायचं नाही. प्रत्येकानं रोजची मर्यादा आधीच ठरवायची. आणि दर अर्ध्या तासाला पाच मिनिटं सक्तीची सुट्टी. त्या पाच मिनिटांत खेळ बंद, आकडे बंद, बक्षिसाचं नावसुद्धा काढायचं नाही. पडद्यावर फक्त जुगार सुटत नसेल त्यांच्यासाठी मदतीचा फोन नंबर. माणसानं उठावं, पाणी प्यावं, खिडकीबाहेर बघावं, एवढाच हेतू. ही सुट्टी मार्तेसनंच भांडून अडीच मिनिटांवरून पाचावर नेली होती. तिला त्याचा फार अभिमान.

पहिल्या आठवड्यात सुट्टी लागली की निम्मे लोक निघून जात. तसंच व्हायला हवं होतं. पण रिकाम्या खोलीत, कॅमेऱ्याकडे बघत पाच मिनिटं गप्प बसणं मार्तेसच्या रक्तात नव्हतं. एका दुपारी तिनं सहज हजेरी घ्यायला सुरुवात केली. कोण कोण आहे? ताल-फूर्न? ता-बिट्टार? पडद्यावर खाली पटापट "इथंच!" "इथंच!" उमटायला लागलं. मेलबर्नला गेलेली, टोरांटोला गेलेली माणसंसुद्धा आजोबांचं टोपणनाव टाकून ओ द्यायला लागली. नियमात आकडे पुकारू नका असं होतं, नावं पुकारू नका असं कुठंच नव्हतं.

सुट्टीत कुणी उठेनासं झालं.

"बाकीच्या चॅनलवरचे लोक सुट्टीत पळतात, तुमचे वाढतात!" रेदेंत फोनवर खूश होता. "काय जादू केलीत?"

"जादू कसली, ओळखीची माणसं ती," मार्तेस म्हणाली, आणि दिवसभर स्वतःशीच हसत राहिली. कुंपणच शेत खायला लागलं होतं, पण कुंपण तिनं स्वतःच्या हातानं घातलेलं, त्यामुळे तिकडं तिची नजर गेली नाही. खरं बोलायचं तर गेली होती. तिनं ती फिरवून घेतली.

चेट्टाला चॅनलवर आणलं तेही मार्तेसनंच. जूझाला विस्मरण झाल्यामुळे सहा वर्षांपूर्वीच तिला सिस्टरांच्या वृद्धाश्रमात ठेवावं लागलं होतं, आणि चेट्टा घरात एकटी पडली होती. मार्तेसनं तिला टॅब्लेट आणून दिला, शेजारी बसून खातं उघडून दिलं, रोजची मर्यादा दोन युरो घातली. चेट्टानं ती एकदाही ओलांडली नाही. मार्तेस मोठ्या अभिमानानं सगळ्यांना सांगायची, "जबाबदारीनं खेळणं म्हणजे काय ते माझ्या पार्रिनाकडून शिका."

मे महिन्यात एका सकाळी पावाच्या दुकानात सिस्टर बेनिन्या भेटल्या. वृद्धाश्रम त्यांच्याच देखरेखीखाली.

"चेट्टा आजारी आहे का गं?" त्यांनी विचारलं.

"नाही. का?"

"ईस्टरआधीच्या उपवासाच्या दिवसांपासून आलीच नाही. सहा वर्षं रोज तीनच्या ठोक्याला यायची. जूझा पावणेतीनलाच कोट चढवून, पर्स घेऊन दाराशी बसते. साडेचारला आम्ही तिला आत नेतो. रडते बिचारी."

"कामात असेल," मार्तेस म्हणाली. तिच्या हातातला पाव गरम होता आणि बोटं गार पडली होती. तीन वाजता चेट्टा कुठं असते हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? तीनची सुट्टी, हजेरीतलं तिसरं नाव.

त्या दुपारी तिनं ते नाव गाळायचं ठरवलं होतं. पण तीन वाजले, "ताल-हर्रुब" तोंडातून गेलंच, आणि खाली लगेच उमटलं, "इथंच!" पुढं एक छोटं हृदय. तरी ती पुढचं नाव पुकारती झाली.

असे सहा दिवस गेले. सहा! शुक्रवारी कंपनीशी नवा करार व्हायचा होता, आणि सुट्टीत लोक टिकतात हाच तिचा सगळ्यात मोठा गुण. सही होऊ दे, मग बघू, असं ती रोज मनाला सांगायची. सही झाली. शुक्रवारची रात्र तिनं कूस बदलत काढली, शनिवारी कबुलीजबाबाला गेली आणि पाद्रीबाबांना शेजारणीवर रागावल्याचं किरकोळ पाप सांगून परत आली. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते खोटं नाही. रस्त्यात सिस्टरांचा पांढरा झगा दिसला की ती गल्ली बदलायची.

रविवारी दुपारी चॅनल बंद असतो. ती चेट्टाच्या दाराशी गेली आणि कडीला हात घालणार तो तिथंच थबकली. दारावरची पितळी कडी, माशाच्या आकाराची, काळी पडली होती. चेट्टाची कडी! साठ वर्षं रोज सकाळी घासलेली, जिच्यात बघून पोरं दात विचकायची. या गावात बाईची अब्रू आधी कडीवर दिसते, मग चेहऱ्यावर.

"ये गं पोरी," चेट्टानं दार उघडलं. "घसा बसला का? पाक नाहीये या वेळी. करायचा राहिला."

मार्तेस खुर्चीत बसली. काय बोलायचं ते घोकून आली होती, सगळं उडालं. "पार्रिना, तुम्ही जूझाकडे जात नाही?"

चेट्टानं कपात साखर घातली, ढवळली, परत घातली.

"तुला कुणी सांगितलं? त्या बेनिन्यानं? तिच्या पोटात एक गोष्ट राहील तर शपथ!"

"ती दाराशी बसून असते तुमच्यासाठी."

"माझ्यासाठी?" चेट्टा एकदम कडाडली. "माझ्यासाठी नाही बाई! ती चेट्टासाठी बसते. मी गेले की म्हणते, ए बाई, बाजूला हो, माझी बहीण यायचीय. नाताळापासून हेच. दीड तास 'ए बाई' ऐकायचं आणि घरी यायचं. या भिंती बोलतात का माझ्याशी? तू दर अर्ध्या तासाला माझं नाव घेतेस. आता तूच सांग, कुठं बसू मी?"

चूक माझी आहे, हे वाक्य मार्तेसच्या जिभेवर आलं आणि चहाबरोबर खाली गेलं.

"आणि तोंड का पाडलंस?" चेट्टा म्हणाली. "दोन युरोच्या वर मी गेले का कधी? तूच सगळ्यांना सांगतेस ना?"

हे सगळ्यात जास्त लागलं. मर्यादा पैशाला घातली होती. या बाईच्या दुपारी गेल्या, त्या मोजायला रकाना ठेवायचं रेदेंतला सुचलं नाही आणि मार्तेसला सुचूनही तिनं ठेवला नाही.

सोमवारी दोन वाजता चॅनल सुरू झाला. अडीचच्या सुट्टीला मार्तेस तोंड मिटून बसली. नावं नाहीत. खालून विचारणा सुरू झाली: आवाज येत नाही, बाई बऱ्या आहेत ना? मग लोक गळायला लागले. टेबलावर फोन थरथरला. रेदेंत.

"बाई, काय झालं? बघणाऱ्यांचा आकडा निम्म्यावर आलाय!"

"मग नियमाप्रमाणे चाललंय, रेदेंत. सुट्टीत लोकांनी उठायचं असतं."

"अहो पण करार..."

"करारात सुट्टी आहे, हजेरी नाही. वाचून बघ." आणि तिनं फोन पालथा घातला.

तीन वाजायला पाच मिनिटं असताना ती कॅमेऱ्यासमोर नीट सरळ बसली. "ऐका," ती म्हणाली, "मी तुम्हाला सुट्टीत बसवून ठेवलं. ती सुट्टी तुम्ही उठावं म्हणून होती आणि मी नावं घेऊन घेऊन तुम्हाला धरून ठेवलं. मला कळत होतं. आजची सुट्टी दिवसभराची. ज्याची कुणी वाट बघत असेल त्यानं तिकडं जावं." खाली तेवढ्यात एक ओळ उमटली: "इथंच! माझं नाव राहिलं गं." पुढं हृदय नव्हतं. मार्तेसनं दिवे बंद केले.

दोन गल्ल्या ती जवळजवळ पळत गेली. चेट्टा दारातच उभी होती, हातात टॅब्लेट. "बिघडलं का हे? तू दिसेनाशी झालीस."

"पायात घाला काहीतरी. चला."

"मी नाही यायची."

"पार्रिना, मी तुमच्याकडे कधी काही मागितलं नाही. चला."

चेट्टानं बडबड केली, शिव्या घातल्या, आणि वहाणा शोधायला आत गेली.

वृद्धाश्रमाच्या दाराशी बाकावर जूझा बसली होती. मे महिन्याच्या उन्हात लोकरी कोट, मांडीवर पर्स. चेट्टा पुढं झाली. "जूझा, मी आले."

"ए बाई, बाजूला हो. दार दिसत नाही मला."

चेट्टानं मार्तेसकडे बघितलं. पाहिलंस? असं विचारणारी ती नजर मार्तेसला सोसवेना. काय करावं ते कळेना, आणि मग जे तिला एकच येत होतं ते तिनं केलं. हॉलमध्ये उभी राहायची तशी उभी राहिली आणि खणखणीत पुकारलं, "ताल-हर्रुब!"

"इथंच!" जूझानं क्षणात ओ दिली. आतल्या खोलीतून दोन म्हाताऱ्यांनी माना बाहेर काढल्या.

चेट्टानं ओ दिली नाही.

जूझाच्या कपाळाला आठी पडली. "एकच आवाज आला. मार्तेस, तूच ना गं ती? परत पुकार. आमची चेट्टा पाक ढवळत बसली असेल, तिला ऐकू गेलं नसेल."

आपल्या बहिणीला न ओळखणारी बाई आपला आवाज ओळखते, याची मार्तेसला लाज वाटली. इतकी लाज तिला आयुष्यात वाटली नव्हती. तरी तिनं परत पुकारलं. या वेळी आवाज फाटला.

"इथंच," चेट्टा म्हणाली.

जूझानं तिच्या तोंडाकडे बघितलंसुद्धा नाही. पर्स उचलून पलीकडे ठेवली आणि बाकावर जागा केली. "आलीस होय! केवढा उशीर."

चेट्टा बसली. जूझानं तिचा हात आपल्या कोटाच्या खिशात घालून घेतला.

"उशीर तिनं नाही केला, जूझा," मार्तेस म्हणाली. अखेर ते वाक्य बाहेर पडलं. "मी केला. मीच तिला धरून ठेवली होती."

"तू गप्प गं," जूझा म्हणाली. "तू आपलं नावं घेत जा. आणि उद्या तीनला वेळेवर ये. तू पुकारल्याशिवाय ही येत नाही."