ट्रकमधली एका माणसाची जागा

दोष कर्नल ॲम्ब्रोज थर्केलचा होता. हे आधीच सांगून टाकतो, कारण आमच्या ॲशकोम गावात कुणी हे मोठ्यानं बोलत नाही. चर्चमध्ये त्याच्या नावाची संगमरवरी पाटी आहे आणि तिच्यासमोर म्हातारे अजून टोपी काढून उभे राहतात. मला टोपी नाही. मी मार्लशायर पलटणीचा मोठा ढोल बोलतोय, आणि आता इतका थकलोय की कुणाची भीड ठेवायचं त्राण माझ्यात उरलेलं नाही.

लाकडाची लांब फळी वाफेवर नरम करून गोल वाकवली, दोन्ही तोंडांवर वासराचं कातडं ताणलं, कडेनं पांढरी दोरी आवळली, की झालो मी तयार. मग रंगारी आला. त्यानं माझ्या पोटावर आमच्या परगण्याचा बगळा काढला आणि बगळ्याखाली लढायांची नावं लिहिली. स्पेनमधली दोन गावं, क्रिमियातली एक टेकडी, हिंदुस्थानातला एक किल्ला. माणसं जिथे मेली ती ठिकाणं मी अंगावर वागवतो. माणसांची नावं नाहीत. त्यांना जागा पुरली नसती म्हणे.

पहिल्या महायुद्धात मी छावणीच्या अंगणाबाहेर पडलो नाही. मुरंब्याच्या कारखान्यातली, शेतावरची, गिरणीतली पोरं रोज समोर आणून उभी करायचे. मी धम्म म्हटलं की डावा पाय. मी पुन्हा धम्म म्हटलं की पुन्हा डावा. चालायला शिकली की आगगाडीत बसवून द्यायचे, आणि दुसरी पोरं यायची. मला वाटायचं, मी थांबलो तर हे थांबेल. पण ढोल स्वतःहून थांबू शकत नाही.

युद्ध संपल्यावर माझ्या अंगावर आणखी नावं घालायची ठरली. जागा थोडी आणि लढाया फार. मग म्हातारे ऑफिसर मेसमध्ये बसून भांडले, दारूचे पेले भरत भरत. एका ठिकाणी आमची अख्खी कंपनी कापली गेली होती. ते नाव गाळलं. ती लढाई आपण हरलो होतो आणि शिवाय ते नाव लांबलचक होतं. त्याऐवजी एक छोटंसं, ऐटबाज नाव घातलं, जिथे आमचे लोक लढाई उरकल्यावर पोचले होते.

या म्हाताऱ्यांचा एक जपमंत्र होता: मार्लशायरचा ढोल शत्रूच्या हाती कधी पडलेला नाही. स्पेनमध्ये कुणा ढोलवाल्यानं म्हणे गोळ्यांच्या पावसातून ढोल पाठीवर टाकून परत आणला होता. भरती झालेल्या पोराला बूट मिळायच्या आधी ही गोष्ट मिळायची. तो ढोल मी नव्हे. तो केव्हाच किड्यांनी खाल्ला. पण हे सांगायचं कुणाला?

मला वाजवायला विल्फ ट्रँटर आला तेव्हा माझं तिसरं कातडं चढलं होतं. विल्फ खांद्यानं रुंद, बोलायला कमी. ढोलवाल्याला बिबट्याचं कातडं पांघरावं लागतं. त्यात तो उन्हाळ्यात उकडून निघायचा, पण कुरकुर नाही. त्याचा धाकटा भाऊ क्लेम त्याच्यामागून बँडात आला, बासरी वाजवायला. काडीसारखा पोरगा आणि तोंडानं वात्रट. ढोल गळ्यात अडकवला की समोरचं काही दिसत नाही, म्हणून विल्फ क्लेमच्या टोपीवर नजर ठेवून चालायचा. क्लेम त्याला चिडवायचा, दादा, तू ढोल वाजवतोस की ढोल तुला वाजवतो? विल्फ हसायचा. उत्तर त्याला कधीच पटकन सुचायचं नाही.

त्यांची आई एडा मुरंब्याच्या कारखान्यात आलुबुखार सोलायची. बाप नव्हता. आमच्या पलटणीत गल्लीच्या गल्ल्या भरती झालेल्या असायच्या, त्यामुळे आया एकमेकींना ओळखायच्या आणि वाईट बातमी कुणाच्या दारात थांबते ते खिडकीतून बघायच्या. या पद्धतीचं म्हाताऱ्यांना फार कौतुक. शेजाऱ्याशेजारी शेजारी लढला की पळत नाही, म्हणे. शेजाऱ्याशेजारी शेजारी मेला तर गल्लीचं काय होतं, हे मेसमध्ये कुणी विचारलं नाही.

दुसरं युद्ध लागलं. हुकूम आला की निशाणं आणि वाद्यं घरी ठेवा. थर्केल तेव्हा पलटणीचा प्रमुख. त्यानं निशाणं ठेवली आणि मला घेतलं. फ्रान्सच्या गावांतून वाजत गेलं की लोकांना धीर येतो, असं त्याचं म्हणणं. हिवाळाभर मी चौकाचौकात वाजलो. लोकांना धीर आला असेल. मे महिन्यात जर्मन आले आणि तो धीर सुटलाही.

लढाई सुरू झाली की बँडवाले वाद्यं खाली ठेवतात आणि स्ट्रेचर उचलतात. जखमींना आणायचं काम त्यांचं. पुढे विल्फ, मागे क्लेम, अशी जोडी होती. आम्हा वाद्यांना त्यांनी कालव्याकाठच्या एका शेतावरच्या कोठारात कोंबलं आणि ते धावले. मग माघार सुरू झाली. पलटण कालवा ओलांडून मागच्या गावात गेली आणि वाद्यं कोठारातच राहिली. मला वाटलं, सुटलो. शेतकरी माझ्यावर कोंबड्या बसवेल आणि म्हातारपण निवांत जाईल.

पण थोड्याच वेळात ट्रक आला. विल्फ खाली उतरला. चेहरा राखेसारखा, बाह्या रक्तानं कडक झालेल्या. रक्त त्याचं नव्हतं. त्यानं मला एकट्यालाच उचललं. बाकीची वाद्यं तशीच पडू दिली. ड्रायव्हर शिव्या देत होता, अन् त्या शिव्यांतूनच मला सगळं समजलं. गावातल्या शाळेत जखमी ठेवलेत. उरलेला ट्रक हा एकच. तो जखमींना बंदराकडे घेऊन निघणार, एवढ्यात कर्नलला ढोल आठवला. कर्नलनं ट्रक मागे कोठाराकडे पाठवला.

"माणसं विव्हळतायत आणि आपण वाजंत्री आणतोय," ड्रायव्हर म्हणाला. "तुझा भाऊ कसा आहे?"

"कमरेत गोळी आहे," विल्फ म्हणाला. "डॉक्टर म्हणतो, आज टेबलावर घेतला तर वाचेल."

शाळेच्या अंगणात मला ट्रकमध्ये सगळ्यांत आधी चढवलं. थर्केलनं उभं राहून चढवून घेतलं. मग स्ट्रेचर येऊ लागले. बँडवाल्यांचा एक रिवाज आहे: इतर सगळे जखमी आधी, आपला माणूस शेवटी. कुणी म्हणू नये की वाहणाऱ्यांनी आपल्याच माणसाला आधी वाहिलं. तो रिवाज विल्फनंही पाळला. क्लेमचा स्ट्रेचर शेवटी आला, आणि आत जागा नव्हती. तिथे मी बसलो होतो.

डॉक्टर थर्केलला म्हणाला की ढोल आडवा ठेवा नाहीतर उभा, एका माणसाची जागा तो खातोच.

"मग एक माणूस पुढच्या ट्रकनं येईल," थर्केल म्हणाला.

पुढचा ट्रक नव्हता. डॉक्टरला ठाऊक होतं, ड्रायव्हरला ठाऊक होतं, थर्केललाही ठाऊक होतं. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं, हेही मी पाहिलं. पण त्या पाण्याचा कुणाला काय उपयोग?

विल्फ पुढे झाला. "साहेब, ढोल उतरवतो. माझा भाऊ आहे तो."

"तो आधी पलटणीचा आहे, ट्रँटर, मग तुझा. दीडशे वर्षांत हा ढोल शत्रूच्या हाती पडलेला नाही. माझ्या हातून पडणार नाही. चढ वर. तू ढोलाचा माणूस आहेस, ढोलाबरोबर जा."

सगळं गणित 'माझ्या हातून' या दोन शब्दांत होतं. पण विल्फला असं काही सुचलं नाही. पोरपणापासून त्याला माझ्या तालावर पाय उचलायला शिकवलेलं. हुकूम झाला की अंग आधी हलतं, डोकं मागून येतं. तो स्ट्रेचरपाशी वाकला. क्लेमचे ओठ पांढरे पडले होते, तरी वात्रटपणा गेला नव्हता.

"जा दादा," तो म्हणाला. "मी येतो मागनं. आईला सांगू नकोस मी लंगडतोय म्हणून, उगाच कामाला लावेल मला."

विल्फ वर चढला. ट्रक निघाला. खड्ड्यात आदळला की मी आपोआप वाजत होतो, आणि विल्फ दोन्ही तळवे माझ्या कातडीवर दाबून मला गप्प करत होता.

बंदरावर माणसांची झुंबड. होडीवरचा एक खलाशी विल्फला बघून म्हणाला, "काय रे, बायको आणलीस होय? इथं माणसांना जागा नाही. टाक तो डबा पाण्यात." विल्फ ऐकत नाही म्हटल्यावर त्यानं मला धरून ओढलं. मला मनापासून वाटत होतं की जावं एकदाचं समुद्रात. विल्फनं मला पोटाशी धरलं. त्याच्या तोंडून तेव्हा जे निघालं ते मी कधी विसरलो नाही.

"हा टाकला तर मग भावाला मी कशासाठी ठेवला तिकडे?"

खलाशानं हात काढून घेतला. विल्फ छातीपर्यंत पाण्यात उभा होता. दुसऱ्या कुणीतरी आम्हा दोघांना वर ओढलं.

क्लेम शाळेच्या फरशीवरच गेला. गावच्या पाद्र्यानं पुरला. हे आमच्या गावाला कळायला शरद उजाडला. तोवर मी प्रसिद्ध झालो होतो. वर्तमानपत्रात माझं चित्र, थर्केलच्या छातीवर पदक. युद्धनिधी गोळा करायला मला नगरभवनात मांडलं, शेजारी विल्फला उभं केलं, इस्त्री करून. लोक रांगेनं येत, माझ्या कडेला बोट लावत, विल्फशी हात मिळवत.

एडा ट्रँटर कामावरून तशीच आली. अंगावर ॲप्रन, बोटं आलुबुखाराच्या रसानं काळीजांभळी. रांग आपोआप बाजूला झाली. ती विल्फकडे न बघता माझ्यापाशी आली आणि दोन्ही हात पसरून तिनं माझी रुंदी घेतली, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. मग हात तसेच ठेवून मागं सरली आणि मधल्या रिकाम्या जागेकडे बघत राहिली.

"क्लेम याहून बारीक होता," ती म्हणाली.

विल्फ म्हणाला, "आई."

ती वळली आणि गेली. नगराध्यक्षांनी खाकरून पुढच्या माणसाला बोलावलं.

नंतरची वर्षं सांगण्यासारखी नाहीत, पण सांगतो. दरवर्षी मला परत आणल्याच्या दिवशी जुन्या शिपायांचं जेवण व्हायचं. भाजलेलं मांस, उकडलेले बटाटे, मग थर्केलचं भाषण, मग विल्फनं मला वाजवायचं. भाषण वर्षागणिक गुळगुळीत होत गेलं. आधी त्यात क्लेम नव्हताच. मग 'एक शूर जखमी' आला. मग एका वर्षी त्या जखमीला आवाज फुटला: "माझं राहू द्या साहेब, आधी ढोल न्या." टाळ्या पडल्या. म्हाताऱ्यांनी रुमाल काढले. मी विल्फच्या छातीला टेकलेलो होतो. आतलं ऐकू येत होतं. त्याचा दांडा वर गेला आणि खाली आलाच नाही. लोकांना वाटलं, गहिवरला. त्यांनी आणखी टाळ्या वाजवल्या.

त्यानंतर तो जेवणाला आला नाही. रेल्वेच्या मालधक्क्यावर खोकी उचलायचा. आई दोन गल्ल्या पलीकडे राहायची. चर्चमध्ये ती डाव्या बाजूला, हा उजव्या.

पुढे सरकारनं तीन परगण्यांच्या पलटणी एकत्र केल्या. आमचं नाव गेलं, टोपीवरचा बगळा गेला. तेव्हा गाव रडलं. शाळेच्या फरशीवर पोरगा सोडताना ज्यांचं मन खंबीर राहिलं होतं, ते टोपीवरच्या पितळी बगळ्यासाठी हुंदके देत होते. पत्रं लिहिली, मोर्चा काढला, थर्केल व्हीलचेअरवरून पुढे. माणसांसाठी यांनी असा एकदा तरी मोर्चा काढला असता, तर मी स्वतः फुटेपर्यंत वाजलो असतो.

आता मी वाचनालयाच्या वरच्या खोलीत काचेत आहे. खाली पाटी आहे आणि पाटीवर थर्केलचंच वाक्य, क्लेमच्या नावावर. शाळेची मुलं येतात, शिक्षिका ते वाचून दाखवतात.

एडाला पुरल्याच्या आठवड्यात विल्फ आला होता. केस पिकलेले, टोपी हातात. खोली सांभाळणाऱ्या निवृत्त मेजरला त्यानं सांगितलं, "हे काढा. असं तो म्हणाला नव्हता."

मेजरनं त्याला आदरानं खुर्ची दिली. चहा मागवला. आणि समजावलं की ट्रँटर, तुझ्या भावाचा मोठेपणा त्यात आहे, तो कशाला हिरावून घेतोस? कर्नलसाहेबही आता नाहीत. लोकांच्या मनात जे बसलं ते बसलं.

"मग काय म्हणाला होता तो?" मेजरनं विचारलं, सौजन्य म्हणून.

विल्फनं तोंड उघडलं. लंगडण्याचं, आईचं, ते सगळं त्याच्या ओठांवर आलेलं मला दिसलं. मग त्यानं टोपी डोक्यावर घातली आणि चहा न घेता जिना उतरला.

मला पुसू नका, माझं कातडं बदलू नका, समारंभाला खाली नेऊ नका. जमलं तर ती पाटी उतरवा. नाही जमलं तर निदान मुलांना माझ्यासमोर उभं करून ते वाक्य वाचायला लावू नका. एवढंच मागणं आहे, आणि तेही मोठ्या आशेनं करत नाही.

विल्फ ट्रँटरनं मला सुखरूप परत आणलं. त्यात त्याचा भाऊ गेला, आणि त्याची आई मरेपर्यंत त्याच्याशी एक शब्द बोलली नाही.